बांधावरची रोमन भिंत

आमच्या निकितानं एवढ्या लांब इंग्लंडात जाऊन माती उकरायचं शिक्षण घ्यावं, हे तिच्या वडिलांना पहिल्या दिवसापासून पटलं नव्हतं. "माती उकरायला दिंडोरी काय वाईट व्हती?" हा त्यांचा एकच मुद्दा. गावात कोणी विचारलं की "लंडनला हाय, कॉम्प्युटरमधी" असं सांगून आमचे हे मोकळे व्हायचे.

निकिता होती ती लंडनपासून कुठल्या कुठं, इंग्लंडच्या पार उत्तरेला. एकोणीसशे वर्षांपूर्वी रोमन बादशहाचं राज्य तिथवर पोचलं आणि तिथंच दमलं. पुढच्या लोकांशी रोज कोण डोकं लावणार म्हणून हेड्रियन नावाच्या बादशहानं या समुद्रापासून त्या समुद्रापर्यंत भिंत घातली आणि सैन्य नेऊन बसवलं. सैन्य तरी कुठलं कुठलं, कोणी स्पेनचे, कोणी सिरियाचे. बिचाऱ्यांना चांगल्या उन्हातून उचलून पावसात नेऊन ठेवलेलं. त्यांनी मागं टाकलेलं सामान आमची लेक चिखलातून शोधत होती.

एका रविवारी दुपारी तिचा व्हिडिओ कॉल आला. भुरभुर पाऊस, अंगात पिवळा रेनकोट, हातात गवंड्याची असते तशी थापी आणि गुडघ्यापर्यंत चिखल. ह्यांनी फोन डोळ्यांजवळ नेला.

"आपल्याकं छाटणीला येणाऱ्या बाया बी याच्यापेक्षा साफ दिसतात."

"पप्पा, हा बघा बूट! रोमन सैनिकाचा. खालचे खिळेपण शाबूत आहेत."

"जोडीतला दुसरा?"

"दुसरा नाही सापडला."

"मंग याचं काय करायचं?"

निकितानं सवयीप्रमाणे ते कानाआड केलं आणि एक फरशी दाखवली. तिच्यावर चौकोन कोरलेले होते. पहाऱ्यावरचे सैनिक त्यावर सोंगट्या खेळायचे म्हणे. "म्हंजे पगार बादशहाचा आन् दिवसभर डाव टाकून बसायचं," हे म्हणाले. "आपल्या चावडीवानीच हाय की."

मग तिनं फोन फिरवला. हिरव्या टेकड्या, त्यावर मेंढरं, आणि टेकड्यांच्या पाठीवरून लांब निघालेली दगडी भिंत. ह्यांनी फोन परत डोळ्यांजवळ नेला. म्हणाले, "हा बांध कोणाचा?"

"बांध नाही पप्पा, साम्राज्याची हद्द आहे."

"हद्द म्हंजे बांधच की. मोजणी कोणी केली?"

"सैन्यानंच केली."

"पलीकडचा तक्रारीला नाय आला?"

"आला असेल. पण इकडे सैन्य होतं ना."

"किती दिवस चाललं असं?"

"तीनशे वर्षं तरी पहारा होता. आणि भिंत अजून उभी आहे, बघा ना."

"तीनशे वर्षं," हे मनाशी म्हणाले. त्यांचे डोळे चमकले आणि मी कपाळाला हात लावला. विहीर असताना तिसरं बोअर मारायचं ठरवलं, तेव्हाही ते डोळे असेच चमकले होते.

आता आमच्या बांधाचं सांगते, म्हणजे कपाळाला हात का लावला ते कळेल. आमची द्राक्षबाग आणि भिकनभाऊंची द्राक्षबाग यांच्यामध्ये एक मातीचा बांध होता. भिकनभाऊ म्हणजे माझे थोरले दीर. वाटणी झाली तेव्हा बांध चांगला रुंद होता. पण द्राक्षाच्या ओळी दोन्हीकडून बांधापाशी येऊन संपतात, आणि ओळ संपली की ट्रॅक्टर वळवावा लागतो. वळताना पुढचं चाक बांधाला घासतं आणि ओंजळभर माती खाली येते. कोणाच्या चाकानं येते? दोघेही भाऊ छातीवर हात ठेवून सांगायचे, "माझं चाक बांधाला कधी लागलंच नाय." बांध मात्र वर्षावर्षाला बारीक होत गेला. निकिता सातवीत असताना यावरून शब्दाला शब्द वाढला आणि दोन घरं तुटली. सरकारी मोजणी दोनदा झाली. दोन्ही वेळा ती दोघांनाही मान्य झाली नाही, आणि दोघांचं एकमत म्हणाल तर तेवढ्या एकाच गोष्टीवर झालं.

तेव्हापासून मी त्यांचा उंबरा ओलांडायचा नाही आणि माझ्या जाऊबाईंनी, कुसाबाईंनी, आमचा ओलांडायचा नाही, असा कायदा झाला. कायदा पुरुषांनी केला, त्यामुळे त्यात बांधाचा विचारच झाला नव्हता. बांधावर कोणाचंच राज्य नव्हतं. दुपारची भांडी आवरली की मी बांधावर जायची आणि पलीकडून कुसाअक्का यायच्या. मी आमच्या बाजूला पाय सोडून बसायची, त्या त्यांच्या बाजूला. म्हणजे एकमेकींच्या हद्दीत गेल्या असं कोणाला म्हणायला जागा नको. मी लग्न होऊन आले तेव्हा माझी आई जाऊन वर्ष झालं होतं. माझ्या करपलेल्या भाकरी अक्का स्वतःच्या ताटात घ्यायच्या आणि चांगल्या सासऱ्यांना वाढायच्या. निकिताला तर माझ्याइतकंच त्यांनी वाढवलं. ती त्यांना मोठी आई म्हणते. त्या नसत्या तर मला या घरात करमलंच नसतं. बांध गेला की माझी अक्का गेली, इतकी साधी गोष्ट होती.

आणि ह्यांनी बांधावर भिंत घालायचं काढलं.

विहिरीतून निघालेला दगड वर्षानुवर्षं पडून होता, त्यामुळे सामानाचा प्रश्न नव्हता. हे रोज निकिताला फोन करू लागले. पाया किती खोल? जाडी किती? मधे काय भरलं होतं? पोरीला वाटलं, पप्पांना शेवटी माझ्या विषयात गोडी लागली. तिनं हौसेनं फोटो पाठवले, मापं पाठवली, आणि मला वेगळा फोन करून सांगितलं, "मम्मी, पप्पांनी आज मला खंदकाबद्दल अर्धा तास विचारलं! मला इतकं बरं वाटलं ना." तिच्या आनंदावर पाणी कसं टाकू? मी "हो का" म्हणाले आणि फोन ठेवून कांद्यावर राग काढला. कॉम्प्युटरची थाप मात्र त्या महिन्यात बंद पडली. पारावर हे आता सांगू लागले, "आमची पोरगी रोमन सैन्यात हाय."

हरसूलकडचे रावजी गवंडी आले आणि काम सुरू झालं. ह्यांनी इकडे प्लास्टिकची खुर्ची टाकली. तासाभरात पलीकडे भिकनभाऊंनी खुर्ची टाकली, भिंत बोटभरही तिकडे सरकू नये म्हणून. दोघं समोरासमोर बसून दिवसभर गवंड्याच्या दोरीकडे बघत होते. बोलायचं ते रावजींच्या तोंडून.

"रावजी, त्यांना सांगा, दोरी सरळ हाय."

"रावजी, त्यांना म्हणावं, सरळ हाय का वाकडी ते आम्हाला दिसतंय."

रावजी पहिल्या दिवशी निरोप पोचवत होते. दुसऱ्या दिवशी त्यांनी थापी खाली ठेवली. "दोघांना बी ऐकू येतंय ना? मंग मी मधी कशाला? मला एकतर बोलायला लावा नायतर दगूड लावायला."

तिसऱ्या दिवशी भिकनभाऊंनी कामाचा प्रश्न विचारला. "रावजी, इचारा त्यांना. भिंत झाल्यावर ट्रॅक्टर वळंल का?"

बाग बांधापर्यंत आलेली. वेलींच्या मांडवाच्या शेवटच्या लोखंडी अँगलपासून भिंतीपर्यंत जागा किती राहते ते माझ्यासारख्या बाईलाही दिसत होतं. ह्यांनाही दिसत असणार. पण चार माणसं उभी होती, आणि इतकी वर्षं जे छातीवर हात ठेवून सांगितलं ते आता मागं कसं घ्यायचं?

"माझं चाक बांधाला कधी लागलंच नाय," हे म्हणाले, "मंग भिंतीला कसं लागंल? त्यांचं लागत असंल तर त्यांनी सांगावं."

भिकनभाऊ खुर्चीत ताठ झाले. "आमचं बी कधी लागलं नाय."

झालं. दोघांनी आपापल्या तोंडानं सही केली आणि भिंत वर चढली.

वर आणखी खंदक काढला. रोमन लोकांचा खंदक शत्रूच्या बाजूला होता, हे निकितानं नीट सांगितलं होतं. पण शत्रूच्या बाजूची जमीन भिकनभाऊंची. मग ह्यांनी खंदक आमच्याच बाजूला काढला. मी विचारलं, "अहो, यात पडणार कोण?" तर म्हणाले, "तुला त्यातलं काय कळतंय?"

पुरुषभर उंच भिंत झाली. पहिल्या दुपारी मी भिंतीशी जाऊन उभी राहिले. खंदकात उतरले, तेव्हा तर मला आभाळाशिवाय काही दिसेना.

"अक्का!"

"कोण हाय?" पलीकडून आवाज आला.

"मी, उज्वला. काय केलं आज?"

"काय?"

"भाजी काय केली?"

अक्कांना एका कानानं कमी ऐकू येतं. समोर बसलं की त्या तोंडाकडे बघून समजून घेतात, पण भिंतीला तोंड कुठलं? मी ओरडायची, त्या ओरडायच्या. मला सांगायचं होतं की ह्यांचं डोकं फिरलंय. ते मी तीनदा ओरडून सांगितलं, आणि तिसऱ्या वेळी मागच्या ओळीत काम करणाऱ्या बायांनी "ऐकलं बाई, ऐकलं" म्हणून उत्तर दिलं. फोनवर बोलावं तर अक्कांचा फोन भिकनभाऊंच्या खिशात. मी एकदा मेथीचे लाडू पिशवीत बांधून पलीकडे टाकले. ते अक्कांच्या डोक्यावर पडले. डोक्याला हळद लावून बसल्या बिचाऱ्या, आणि भिकनभाऊ गावभर म्हणत फिरले, तिकडून दगडफेक सुरू झाली.

चार-पाच दिवसांनी अक्का यायच्या थांबल्या. मी रोज जायची आणि दगडांशी उभी राहून परत यायची. एका दुपारी तिथंच खंदकाच्या काठावर बसून मी रडले. एवढी वर्षं घर तुटलेलं असताना मला रडू आलं नव्हतं, कारण खरं म्हणजे माझं काही तुटलंच नव्हतं. ते आता तुटलं होतं.

मग मी निकिताला फोन लावला आणि तिला हवं तसं झापलं. "तुझ्या त्या रोमन सैन्यानं माझं वाटोळं केलं."

आधी ती हसली. मग तिला सगळं कळलं. "मोठी आई आता येतच नाही?" तिनं विचारलं. संध्याकाळी तिनं ह्यांना व्हिडिओ कॉल केला. मी मुद्दाम शेजारी बसले. ती तिथल्या रोमन भिंतीत अशा जागी उभी होती, जिथं भिंतच नव्हती.

"पप्पा, मी तुम्हाला एक सांगायचं विसरले. भिंतीला दरवाजे होते. हे बघा, खाली दगडात खळगा आहे ना, त्यात दाराचा खुंटा फिरायचा. पलीकडचे लोक इकडे बाजाराला यायचे, इकडची जनावरं तिकडे चरायला जायची. भिंत काही सगळ्यांना अडवायला नव्हती. कुठून जायचं ते ठरवायला होती."

"किती दरवाजे?"

"दर रोमन मैलाला एक."

ह्यांनी डोळे मिटून हिशेब केला. माझा जीव कानात आला.

"आपला बांध दोनशे मीटरचा," हे म्हणाले. "मैल भरत नाय. आपल्याला दरवाजा लागत नाय."

फोन मी त्यांच्या हातातून काढून घेतला. नाहीतर तो खंदकात गेला असता.

ऑक्टोबर छाटणी झाली. दोन्ही बागा कोवळ्या पानांवर आल्या आणि नेमकं आभाळ भरून आलं. द्राक्षवाल्याला आभाळाची भीती काय असते, ते ज्यानं डावणीची बुरशी पाहिली त्यालाच ठाऊक. ती पानावर उतरली की दोन दिवसांत घडांपर्यंत जाते आणि वर्ष वाया. त्या सकाळी हे चहा अर्धा टाकून उठले, ट्रॅक्टरला फवारणीचा ब्लोअर जोडला आणि पहिल्या ओळीत शिरले. पलीकडेही ट्रॅक्टर सुरू झाल्याचा आवाज आला. औषधाचा वास दोन्हीकडून येत होता.

ओळ संपली. ह्यांनी स्टिअरिंग वळवलं. पुढचं चाक खंदकात गेलं, ट्रॅक्टरचं नाक भिंतीला टेकलं आणि मागचा ब्लोअर अँगलच्या तारेत अडकला. पुढं भिंत, मागं बाग. इंजिन गुरगुरलं, धूर काढला आणि बंद पडलं. त्याच वेळी भिंतीपलीकडे, बरोबर समोर, दुसरं इंजिन तसंच गुरगुरलं आणि तेही बंद पडलं.

हे स्टिअरिंगवर हात ठेवून बसले होते. पलीकडे भिकनभाऊ तसेच बसले असणार. दोघांनाही कळलं होतं की दुसऱ्याचं चाक भिंतीला लागलंय, आणि हेही कळलं होतं की ते म्हणायची सोय आता दोघांनाही नाही. वर आभाळ काळं होत होतं.

माझ्या डोक्यात जे काय झालं ते झालं. मी शेडमधली पहार उचलली, खंदकात उतरले आणि भिंतीवर घातली.

"अगं ए! भिंत हाय ती!" हे ओरडले.

"मला दिसतंय!" मी म्हणाले आणि दुसरी घातली. रोमन पद्धतीप्रमाणे भिंतीच्या पोटात नुसती माती आणि डबर भरलेलं. दोन दगड सुटले आणि माती खाली आली. मी दम घ्यायला थांबले, तर ठोके थांबले नाहीत. पलीकडून कोणीतरी तितक्याच रागानं मारत होतं.

"अक्का?"

"गुडघा दुखतोय माझा, लवकर हान!" अक्का ओरडल्या.

हे ट्रॅक्टरवरून उतरले. बायको एकटी भिंत पाडते म्हटल्यावर गावात तोंड दाखवायची पंचाईत, आणि वर बागही जाणार. माझ्या हातातली पहार घेत ते मोठ्यानं म्हणाले, म्हणजे पलीकडे ऐकू जावं असं, "भिंत पाडायची नाय कोणी! दरवाजा काढायचा हाय. रोमन भिंतीला दरवाजा असतो. पोरीनं सांगितलंय."

पलीकडचे ठोके थांबले. मग भिकनभाऊंचा आवाज आला. मधे रावजी नव्हते, कोणीच नव्हतं.

"किती रुंद, सोमा?"

ह्यांनी पहारीनं भिंतीवर माप धरलं.

"नाक निघंल इतका, दादा."

"माझा ट्रॅक्टर मोठा हाय."

"मंग तुझ्या मापानं धर."

पहिला दरवाजा पडला आणि सुटलेल्या दगड-मातीनं तिथला खंदक भरला. ह्यांच्या ट्रॅक्टरचं नाक पलीकडे गेलं आणि ट्रॅक्टर वळला. मग तिकडच्याचं नाक इकडे आलं आणि तोही वळला. दोन्ही भाऊ एकमेकांच्या बाजूला हातभर जाऊन आले. पण पुढच्या ओळीच्या टोकाला परत भिंत. तिथं दुसरा दरवाजा. नंतर तिसरा. आता दोघेच पहार मारत होते आणि आम्ही बायका दगड बाजूला करत होतो. ओळीगणिक दरवाजा म्हटल्यावर दोन दरवाजांमध्ये राहिलेला तुकडा कशाला उभा राहतो? काही आपणहून बसले, काहींना भिकनभाऊंनी "हा उगं लोंबकळतोय" म्हणून ढकललं. दुपारपर्यंत फवारणी झाली. दरवाजे इतके झाले की भिंत कुठं ते दाखवता येईना. हे तरी शेवटपर्यंत तिला भिंतच म्हणत होते.

पाऊस आला नाही. द्राक्षवाल्याच्या घरी अशी थट्टा आभाळ नेहमीच करतं.

सगळं आवरल्यावर मी आणि अक्का समोरासमोर उभ्या राहिलो. त्यांच्या केसांत माती, माझ्या हाताला फोड. त्यांनी मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "बारीक झालीस," त्या म्हणाल्या, जसं काही त्यांना न विचारता बारीक होणं हा माझा गुन्हाच होता. मग बसायला म्हणून त्यांनी नेहमीसारखा पदर आवरला आणि जागा शोधली. बांध नव्हता. त्याची माती भिंतीच्या पोटात गेली होती आणि भिंत सगळीकडे पसरली होती. त्यांची बाजू कुठं संपते आणि आमची कुठं सुरू होते, ते कळायला मार्ग नव्हता.

"बसायचं कुठं गं?" अक्कांनी विचारलं.

मी नुसतं आमच्या घराकडे बोट केलं.

अक्कांनी भिकनभाऊंकडे पाहिलं. ते वाकून ट्रॅक्टरच्या पुढच्या चाकाला लागलेली माती काढत होते. त्यांनी वर पाहिलं नाही आणि नकोही म्हटलं नाही. ह्यांनी दुसऱ्या चाकाची माती काढायला घेतली. भिकनभाऊंच्या चाकाची.

अक्का दगडांवरून, खंदकातून, माझा हात धरून आल्या. उंबऱ्याशी क्षणभर थांबल्या आणि मग थेट स्वयंपाकघरात गेल्या. गॅसवर चहाचं पातेलं ठेवलं आणि डावीकडच्या फळीवरचा पहिला डबा उघडला. त्यात रवा होता.

"साखर कुठं गेली?"

"अहो अक्का, किती वर्षं झाली. डबा केव्हाच हलवला."

"एवढं काय झालं होतं," अक्का रागानं म्हणाल्या, "तर डबे हलवायचे?" आणि पदरानं डोळे पुसून त्या एकेक झाकण उघडून बघू लागल्या.